कर्ण्यावर वाजलेली लेकीची गाणी

माझं अक्षर किरटं आहे आणि ऱ्हस्व-दीर्घ मला चौथीतही जमलं नव्हतं. हे कधी लेकीच्या हाती पडलं तर तिनं चुका पोटात घालाव्यात.

लेक शिक्रापूरला कंपनीत आहे, तिथंच मैत्रिणींबरोबर खोली करून राहते. तिला स्वतःची गाणी पुण्यात रेकॉर्ड करायची होती, म्हणून मी भीमेकाठच्या आमच्या गावात बचत गटातून कर्ज काढलं. बायकांनी लगेच मंजूर केलं. गाणी म्हणजे गवळणी असणार, असं त्यांनी धरलं. मीही तसंच धरलं होतं.

तिचा पहिला अल्बम मोबाइलवर आला, त्याच आठवड्यात गटाची बैठक देवळात होती. अध्यक्षबाई म्हणाल्या, "आपल्या पैशाची गाणी हायती, चांगली मोठ्यानं ऐकू." त्यांनी मोबाइल भजनाच्या मशीनला जोडला. ते मशीन कळसाजवळच्या कर्ण्याला जोडलेलं आहे, हे कुणाच्या ध्यानात आलं नाही.

लेक गात नव्हतीच. ठेक्यावर धडाधड बोलत होती. जादा कामाचे पैसे खाणारा ठेकेदार, बसमध्ये मागून चिकटणारा, मुलगी बघायला येऊन तिला चालून दाखवायला लावणारे, एकेकाला शिव्यांसकट घेत होती. आत आवाज बारीक येत होता, म्हणून अध्यक्षबाईंनी तो आणखी वाढवला. तेवढ्यात उसातून एक आप्पा धावत आले.

"अगं बंद करा! पार नदीपातूर शिव्या ऐकू येत्यात!"

मी पदर तोंडावर ओढला. अध्यक्षबाई माझ्याकडे वळल्या. "सगळं कर्ज एकदम भरायचं. म्हस इका, काय बी करा. असल्या गाण्याला गटाचा पैसा न्हाई."

आमचं घर त्या म्हशीच्या दुधावर चालतं. हे सांगायला हवं होतं. पण चारचौघींत माझ्या तोंडून शब्द फुटत नाही. हळदीकुंकवाला उखाणासुद्धा मी शेजारणीच्या कानात सांगते आणि ती म्हणते.

गटातली सगळ्यात म्हातारी आजी भिंतीला टेकून बसली होती. ती म्हणाली, "ते मुलगी बघायला आल्यालं पुन्यांदा लाव."

"आजी, शिव्या हायत त्यात!"

"व्हय, आयकल्या की. मलाबी अंगणात असंच चालवलं व्हतं, गुरावानी. तवा ह्या सगळ्या शिव्या मला येत व्हत्या. देता आल्या न्हाईत."

मग एकजण म्हणाली, "लाव गं. पर आधी कर्ण्याची वायर काढ."

सगळ्या हसल्या, अध्यक्षबाईसुद्धा. कर्ज हप्त्यानंच फेडायचं ठरलं.

नंतर खुरपणीच्या वेळी तीच गाणी वाजू लागली. शिवी आली की बायका मुद्दाम खोकायच्या, तेवढ्यावरून हसू फुटायचं. यवतला दिलेल्या माझ्या बहिणीनं सांगितलं, तिकडं एसटीत एका पोरीनं चिकटणाऱ्याला लेकीच्या ओळी तोंडावर ऐकवल्या आणि कंडक्टरनं त्याला खाली उतरवलं. इकडं मात्र काही घरांनी आमच्याकडं येणं सोडलं. लेकीला आलेलं एक स्थळही फिरलं. मला वाईट वाटलं. ती म्हणाली, "बरं झालं, आई, चालायचं वाचलं."

गाण्यातून पैसा असा आलाच नाही. हप्ते तिच्या पगारातून गेले, सुट्टीचा पगार कापला गेला तेव्हा मी दुधाचे पैसे घातले. शेवटचा हप्ता भरायला ती स्वतः बैठकीला आली. आजीनं तिला शेजारी बसवून घेतलं. अध्यक्षबाईंनी नोटा दोनदा मोजल्या आणि म्हणाल्या, "फिटलं गं सगळं."