बैलाच्या नावावर मोडलेला हात

माझ्या सुनेला वाटतं, मी पहिल्यापासून अशीच शहाणी होते. तिने मला मेहकरच्या दवाखान्याच्या खिडकीत पाहायला हवं होतं. खळ घातलेली साडी, अंबाड्यावर मोगऱ्याचा गजरा आणि पुढ्यात उशीएवढं जाड पुस्तक.

माणसाला लागलं की नुसतं 'हात मोडला' लिहून भागायचं नाही. कशानं मोडला, कुठे मोडला, काय करताना मोडला, या प्रत्येकाचा आकडा त्या पुस्तकात शोधून कागदावर घालायचा, हे माझं काम. बुलढाण्याला तीन दिवस शिकून आले होते आणि चौथ्या दिवसापासून डॉक्टरांनाच शिकवत होते. पुस्तकात मगरीला आकडा होता, ज्वालामुखीला होता, अवकाशयानालासुद्धा होता. पैनगंगेकाठी एखादं यान येऊन आपटलं असतं तर सगळा जिल्हा घाबरला असता, मी मात्र पान उघडून बसले असते.

पण यान काही येईना. येणारा प्रत्येक जण म्हणायचा, पडलो. फवारणीच्या दिवसांत कपाशीचं औषध अंगात गेलेले यायचे, ते आकडे लिहिताना मात्र माझी मिजास गळायची. बाकी वर्षभर मी एखाद्या चांगल्या आकड्याची वाट बघत असे.

ती वर्षं नव्या बीटी बियाण्याची. पाकिटातून बियाणं आलं, कापूस घरात आला आणि भाव काही येईना. म्हणून उन्हाळा सरत आला तरी बीबी गावाकडच्या घरांत कापूस आढ्याला टेकलेला आणि माणसं कापसाच्या खाजेनं अंगणात अंग खाजवत झोपलेली. अशाच दिवसांत साठीचे एक गृहस्थ मनगट मोडून आले. शेजाऱ्याने मोटारसायकलवर आणलं होतं. प्लास्टर झालं आणि दोघे माझ्या खिडकीशी उभे राहिले.

कसं लागलं, विचारलं. पडलो म्हणाले. कशावरून, विचारलं. त्यांनी शेजाऱ्याकडे चोरून पाहिलं. मागे ही लांब रांग. मला वाटलं, लाजताहेत बिचारे, आपण मदत करावी. मी पुस्तकातले प्राणी एकेक करून मोठ्याने वाचायला लागले. कुत्रा? डुक्कर? बैलापाशी आल्यावर त्यांनी सुटल्यासारखी मान हलवली. माझ्या आनंदाला पारावार नाही. शिंगानं मारलं का? हाव. गोठ्यात? हाव. कामात असताना? हाव. जबाब सगळा माझाच, त्यांनी नुसतं हाव-हाव केलं. वळणदार अक्षरात आकडा लिहिला आणि त्या दिवशी दोन घास जास्तच जेवले.

तिसऱ्या दिवशी दवाखान्याच्या फाटकाला बैल बांधून एक बाई थेट माझ्या खिडकीशी आली. मागून प्लास्टर सांभाळत ते गृहस्थ आणि तो शेजारी. बाई त्या गृहस्थांची बायको.

"काऊन वं पोरी," ती खिडकीत तोंड घालून म्हणाली, "माह्या बैलाले मारका तुनंच लिवलं का?"

घोटाळा असा की दोन्ही घरी एकेकच बैल. पेरणीला दोन्ही मिळून जोडी व्हायची. एक दिवस यांचं शेत, एक दिवस त्यांचं. आता शेजारी म्हणत होता, दवाखान्यानं लिहून दिलेल्या मारक्या बैलाशेजारी माझा बैल जुंपायचा नाही, पेरताना मागे माझी सून चालते.

"पाऊस तोंडावर आला. एकल्या बैलावर म्या पेरू कशी?"

मी माझा ठेवणीतला सरकारी आवाज काढला. म्हटलं, लिहिलं ते लिहिलं, बैलाच्या सांगण्यावरून कागद बदलत नसतो. ती म्हणाली, सांगण्यावरून नको, त्याच्यासमोर उभी राहून बघ. रांग हसली, मग मला जावंच लागलं. पुस्तक छातीशी ढालीसारखं धरून मी बैलासमोर गेले, त्याने फूं केलं, तशी मी पाठ फिरवली. बैलाने मान पुढे केली, अंबाड्यातला गजरा अलगद ओढला आणि उभ्या उभ्या चघळायला लागला. दोऱ्यासकट.

त्या गृहस्थांना ते बघवलं नाही.

"बैलानं नाई मारलं," प्लास्टरकडे बघत ते म्हणाले. "म्या कापसाच्या ढिगावरून पडलो."

आता मी गप्प बसायचं की नाही? पण आकडा अर्धा राहत होता. ढिगावर काय करत होता? उड्या मारत होतो. कुणासंगं? नातीसंगं. पुस्तकात खेळाला एक आकडा आणि नुसत्या करमणुकीला दुसरा, त्यामुळे मला विचारणं भाग होतं.

"पैज होती, का उगाच?"

त्यांनी रांगेकडे पाहिलं, बायकोकडे पाहिलं, शेवटी बैलाकडे पाहिलं.

"पैज. आढ्याले कोण हात लावते म्हून."

"मग कुणी लावला?" हे पुस्तकात नव्हतं. हे मी माझ्यासाठी विचारलं.

"नातीनं."

मी जुनी ओळ खोडून नवी लिहिली. बाईचं तेवढ्याने समाधान होईना. तिने ती ओळ मला शेजाऱ्याकडे तोंड करून मोठ्याने वाचायला लावली. मी वाचली: घरात, खेळताना, उंचावरून पडून. बैलाचं नाव कुठेच नाही. शेजाऱ्याने सगळं नीट ऐकून घेतलं, मग बैलाजवळ जाऊन त्याच्या तोंडातून लोंबणारा माझ्या गजऱ्याचा दोरा हळूच ओढून काढला. बैलाने त्याला काही केलं नाही.

"वयनी, बैल घेऊन या," तो म्हणाला. "दादाले मात्र घरीच दावणीले बांधून या."