गुरुवारी अडकलेलं दानपत्र

अपा चौकटीबाहेर उकिडवी बसली होती. उंबऱ्यापासून देव्हाऱ्यापर्यंत तांदळाच्या पिठाची लक्ष्मीची पावलं, अजून ओली. त्यावर पाय देता येत नाही, म्हणून तिथूनच हात पुढे.

"आई, द्या ना हो. आज शेवटची तारीख आहे. ऑफिस बंद व्हायच्या आत शहरात पोचायचंय."

आत सासूबाई. समोर धानाचं माप मांडलेलं आणि त्याच्याखाली जमिनीचं दानपत्र. मार्गशीर्षात म्हातारी जमिनीचे कागद तिथेच ठेवते.

"आज गुरुवार. या घरातून मिठाचा खडा बाहेर जात नाही, आणि तू जमीन मागतेस?"

"जमीन नाही, कागद!"

"कागद म्हणजे जमीनच की गं. उद्या सूर्य उगवला की ने."

मी बाईक चालू ठेवून उभा. म्हटलं, "अपा, घे आणि पळ."

तिनं असं बघितलं की मी बाईक बंद केली.

कुंतला बराळ, माझी थोरली बहीण. थोरल्या बहिणीला आम्ही अपा म्हणतो. मी आठवीत शाळा सोडली तेव्हा घरात सगळ्यांनी मला बदडलं, हिनं जेवायला वाढलं. तिला कोणी वाकडं बोललं की माझं डोकं सटकतं.

तिचा नवरा सुरतेला कापडाच्या मागावर कामाला. सासऱ्यांनी मरायच्या आधी रस्त्यालगतची जागा दिली, मुलींसाठी मास्तरीण व्हायचं कॉलेज काढायला. कारण तेवढ्यासाठी लांब कटक शहरात कोण बाप पोरगी पाठवतो? अट एकच. येत्या आषाढातल्या रथयात्रेपर्यंत वर्ग सुरू झाला नाही, तर जागा थोरल्या दिराची. त्याला तिथे लग्नाचा मंडप टाकायचा होता. आणि सरकारची मान्यता असल्याशिवाय वर्ग नाही. तहसीलचा दाखला आदल्या दिवशी दिवेलागणीला हातात पडला. त्या धांदलीत अपा वार विसरली, कागद रात्रीच मागून ठेवायचा राहिला. दानपत्र वकिलाला दाखवल्याशिवाय मान्यतेचा अर्ज पुरा होत नव्हता.

शुक्रवारी आम्ही पोचलो. क्लार्क पाणिग्राही चष्म्यावरून बघत म्हणाले, "काल मुदत संपली, माई."

"एकच दिवस झालाय, आज्ञा." आमच्याकडे साहेबाला आज्ञा म्हणतात.

"उशीर तो उशीर. पण कारण पटलं तर समिती माफ करू शकते. त्यांची मर्जी. वेगळा अर्ज जोडा. ताप लिहा. सगळे तापच लिहितात."

"मला ताप नव्हता."

"मग साहेबांना तरी कुठे तपासायचाय?"

अपानं गुरुवारचं सगळं लिहिलं. पावलं, माप, सगळं. मी ओरडलो, "वेडी झालीस का? हसतील तुला!"

"ओरडू नकोस. सासूबाईंनी लक्ष्मी राखली. ताप लिहून त्यांना खोडून टाकू मी?"

जुन्या साडीचा लाल काठ फाडून तिनं फाइल बांधली. गाठ अशी मारली की माझ्याच्यानं सुटली नसती.

मग नुसती वाट. अपा पखाळाच्या, म्हणजे पाण्यात भिजवलेल्या भाताच्या, वाटीसमोर बसायची आणि भात तसाच ठेवून उठायची. दीर टेप घेऊन यायचा, जागा मोजायचा, वर विचारायचा, "कुंतला, आलं का काही?" मी दोनदा दगड उचलला. दोन्ही वेळा अपानं मनगट धरलं.

बैठकीच्या दिवशी आम्ही ऑफिसच्या व्हरांड्यात. शिपाई फाइलींचा गठ्ठा आत नेत होता, मधे आमचा लाल काठ दिसला. अपाचे ओठ हलत होते. गुरुवार समजावून कसा सांगायचा, तेच घोकत होती. दार उघडलं की उठायची. पण चहा आत जायचा. संध्याकाळी शिपाई म्हणाला, "घरी जा, पत्र येईल." कोणी काही विचारलंच नाही. परतीच्या वाटेवर ती माझ्या पाठीला डोकं टेकून बसली.

पत्र आलं. उशीर माफ. मग तपासणी झाली, मान्यता आली, रथ ओढायच्या आधी वर्ग भरला. दिरानं टेप गुंडाळला. पहिल्या दिवशी सासूबाईंनी दारात तीच पावलं काढली. अपा दर वर्षी नव्या मुलींना सांगते, "मी खरं कारण लिहिलं, आणि त्यांना पटलं."

पाणिग्राही निवृत्त झाल्यावर बसस्टँडवर चहाला भेटले. म्हणाले, त्या बैठकीत एका बड्या संस्थेचा अर्ज होता, दोन महिने उशिराचा. तो घ्यायचाच होता. एकटा घेतला तर बोंब होईल, म्हणून उशिराचे सगळेच घेतले, एका सहीत.

"तुमची लाल गाठ होय? ती मीच सोडली, बैठक झाल्यावर दुसऱ्या दिवशी. शिक्का मारायला."