चार नंबरचा मीटर

आमच्या घरात कॉलेजात गेलेली मी पहिलीच. तिवस्याहून अमरावतीला इंजिनिअरिंग शिकायला आले, तेच घरच्यांना फार वाटत होतं. शेवटच्या वर्षाचा प्रोजेक्ट मी अकोल्याच्या एका डाळमिलमध्ये केला. तिथे माझी ओळख नव्हती. अकोल्यात राहणाऱ्या माझ्या मामांच्या शेजारचे एक काका त्या मिलच्या ड्रायरवर कामाला होते, त्यांनीच मालकांना विचारलं. म्हणाले, "आपलीच पोरगी हाये. करू द्या तिले."

भिजवलेली तूर वाळवायचे सहा ड्रायर होते. प्रत्येकावर तापमानाचा मीटर, उंच बसवलेला. काका दर अर्ध्या तासाला लोखंडी पायऱ्या चढून सहाही मीटर पाहायचे आणि आकडा वाढला असेल तर खाली येऊन वाफेचा व्हॉल्व्ह थोडा बंद करायचे. गुडघे दुखायचे, मधेच कठडा धरून थांबायचे. मी पाहते आहे असं दिसलं की हसायचे. "पातूरच्या लेण्या नाही पाह्यल्या बाई मी, पन पायऱ्या मातर लय चढलो."

मला त्या पायऱ्या वाचवायच्या होत्या. हे मी खरंच सांगते.

मीटर वेगवेगळ्या कंपन्यांचे होते, पण यंत्रांनी एकमेकांशी कसं बोलायचं याचा एक ठरलेला प्रोटोकॉल असतो, तो सगळ्यांत होता. दोन तारांवर सगळे जोडायचे. प्रत्येकाला नंबर द्यायचा. खालचा स्क्रीन एकेकाचा नंबर पुकारतो, ज्याचा नंबर तोच उत्तर देतो, बाकीचे गप्प बसतात. आपणहून कोणी बोलत नाही. मी तारा ओढल्या, स्क्रीन लावला, त्याच्यासमोर काकांसाठी खुर्ची ठेवली.

एक गोष्ट मी मुद्दाम केली होती. मीटरचं उत्तर आलं नाही की स्क्रीनवर लाल खूण यायची. कधीकधी उत्तराला उशीर झाला तरी ती लुकलुकायची. परीक्षकांसमोर ते बरं दिसणार नाही म्हणून मी ती काढली आणि उत्तर आलं नाही तर आधीचाच आकडा राहू दे, असं करून ठेवलं.

पुढे चार नंबरच्या ड्रायरचा मीटर बिघडला. मी बडनेऱ्याहून सकाळची गाडी धरून गेले आणि नवा बसवला. नवे मीटर कारखान्यातून येतात तेव्हा सगळ्यांचा नंबर एक असतो. तो बदलून चार करायचा असतो. मी विसरले. एक नंबर पुकारला की दोन मीटर एकदम बोलायचे आणि काहीच कळायचं नाही. चार पुकारला की कोणीच बोलायचं नाही. मीटर बदलताना स्क्रीनच्या चाचणीसाठी मी स्वतः टाकलेला बासष्ट अंशांचा, नेहमीचाच आकडा चार नंबरवर तसाच राहिला.

त्याच दुपारी काका खुर्चीतून म्हणाले, "बाई, मले वास येऊन राह्यला."

मी स्क्रीन पाहिला. "काका, बासष्टच आहे."

"वर जाऊन पाहू काय?"

"कशाला? दिसतंय ना इथे."

"हो बाप्पा. तुह्या मशीनपुढे माहं नाक काय," असं म्हणून ते परत बसले.

चार नंबरची सगळी डाळ करपून लाल पडली. मालक सगळ्यांसमोर त्यांना म्हणाले, "खुर्चीत बसून झोपा काढता काय?" संध्याकाळी त्यांना उद्यापासून येऊ नका असं सांगितलं. मी तिथेच उभी होते. तेव्हा मला खरं कारण माहीत नव्हतं, पण "त्यांनी मला विचारलं होतं" हे तर माहीत होतं. तेवढंही मी बोलले नाही.

दुसऱ्या दिवशी चूक सापडली. मीटरचा नंबर एकाचा चार करायला दोन मिनिटं लागली. मालकांना सांगायला मला आठ दिवस लागले, कारण प्रोजेक्टच्या सर्टिफिकेटवर त्यांची सही व्हायची होती. शेवटी सांगितलं. ते शांतपणे म्हणाले, "आता बरोबर चालून राह्यलं ना?"

"हो. पण काकांना परत..."

"काहून? स्क्रीन तर हापिसातूनही दिसते. व्हॉल्व्ह कोनीही फिरवते. आता तिथं बसाले मानसाचं काय काम?" आणि त्यांनी सही केली.

मी काकांच्या घरी गेले. काकूंनी चहा ठेवला. मी सगळं सांगितलं: नंबर, दोन तारा, लाल खूण, बासष्ट. कागदावर आकृती काढली. काकांनी कागद मन लावून पाहिला, आणि घडी करून मला परत दिला.

"मले त्यातलं समजत नाही, माय. पन वास तं मले आल्ता. इतके वर्स त्या कामात काढले, उठून पाह्याले पाह्यजे व्हतं."

"मीच तुम्हाला बसवलं, काका."

"तू लेकरू हायेस. तुले काय मालूम." मग काकूंकडे पाहत, जरा खालच्या आवाजात म्हणाले, "पोरीचं पयलंच काम व्हतं. माह्यामुळं खराब झालं."

चहा आला. मी तो प्यायले. काका मला विचारत होते, मास्तरांनी मार्क कमी तर नाही ना दिले.