छिद्रं मी बुजवली

पिंगळीतले आणि पिंगळी सोडून गेलेले तुम्ही सगळे एक गोष्ट धरून चालला आहात, की आमच्या विहिरीतलं कासव सुमनअक्काच्या हातून मेलं. तिनं खोक्याला हवेसाठी छिद्रं पाडली नाहीत आणि ते आतल्या आत गुदमरलं. ही हकीकत तुम्हाला माझ्याकडून कळली होती आणि ती खोटी आहे. अक्कानं छिद्रं पाडली होती. ती मी बुजवली, परभणीत एका पार्सल ऑफिसच्या काउंटरला टेकून, माझ्या हातानं. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही.

मी अण्णांना घेऊन पुण्याला निघालो तो दिवस वैशाखातला होता. माय जाऊन वर्ष झालं होतं. रस्ता रुंद करायला शेताच्या कडेची पट्टी गेली आणि त्या पट्टीत विहीर गेली. विहीर बुजणार म्हटल्यावर अण्णांचं गावात राहायचं मन उडालं. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू, स्वयंपाक येत नाही, तरी 'मी कुठं येत न्हाई' म्हणून बसलेला माणूस एका अटीवर पुण्याला यायला तयार झाला. कासव बरोबर न्यायचं.

आमच्याकडे विहिरीचा गाळ काढला की कासव सोडायची रीत आहे. पाणी निर्मळ राहतं म्हणतात. आमचं कासव अक्काच्या सासऱ्यांनी दिलं होतं, अक्काच्या लग्नाच्या वर्षी, येलदरीहून, ओल्या धोतरात गुंडाळून. तेव्हा ते बशीएवढं होतं, पुढं ताटाएवढं झालं. माय रोज दुपारी ज्वारीच्या पिठाच्या गोळ्या घेऊन पायऱ्या उतरायची आणि हाका मारत बसायची. ते आपल्या मर्जीनं अर्ध्या-पाऊण तासानं वर यायचं, म्हणून अण्णांनी त्याचं नाव तहसीलदार ठेवलं होतं. "साहेब दौऱ्यावर हायेत, अर्ज ठिवून जा," असं ते वरून मायला ओरडून सांगायचे आणि माय खालून म्हणायची, "तुमच्यापरीस लौकर येतेत, जेवायला तीनदा हाक मारावी लागत न्हाई."

मी पहिल्यांदा गाव सोडलं ते बावीस वर्षांचा असताना, पिंगळीच्या स्टेशनावरून सकाळच्या पॅसेंजरनं. माय म्हणाली होती, "पोचलास की कळव. मधातलं काही सांगू नको, जीव लागून राहतो." मी ते जरा जास्तच मनावर घेतलं. पुण्यात कारखाना मिळाल्याचं कळवलं, त्याआधी आठ महिने हमाली केली ते नाही. लग्न ठरल्याचं कळवलं, पहिली मुलगी जन्मून दगावल्याचं नाही. पोचलो एवढंच सांगायची सवय लागली की माणूस हळूहळू सगळंच सांगायचा थांबतो. गावाकडे मला शांत स्वभावाचा म्हणायचे. तसं काही नव्हतं.

आज मी एका कारखान्याच्या डिस्पॅचला आहे. मशीनचे पार्ट फोममध्ये बसवायचे, खोका पॅक करायचा, 'ही बाजू वर' आणि 'नाजूक'चे स्टिकर लावायचे आणि देशभर पाठवायचे. माझ्या हातचा माल फुटून परत आला असं क्वचितच झालं. तेव्हा कासव कसं न्यायचं हे मला कुणी शिकवावं, हे मला मानवणारं नव्हतं. अक्का मात्र येलदरीच्या कोळ्यांना विचारून आली होती. "पाण्यात ठिवायचं न्हाई म्हणतेत," तिनं मला सांगितलं. "घमेल्यात पाणी घातलं तर हिसक्यानं उलटं होऊन बुडतंय. ओलं पोतं अन् हवा, बस. अन् सुधाकर, मांडीवरनं खाली ठिवू नको. तास-दोन तासाला पाणी शिंपड."

खरं तर तिचं म्हणणं होतं, की न्यायचंच नाही. "माझ्याकडं द्या, मी येलदरीच्या पाण्यात सोडते. तिथलंच हाय ते." अण्णा भडकले. "व्याह्यानं दिलेलं परत न्हेऊन टाकायचं? उद्या त्यांनी तुला परत आणून सोडलं तर?" अक्का हसून म्हणाली, "मला कोण सोडतंय, भाकऱ्या कोण थापील?" मग ती खोका शोधायला लागली. आणि मी अण्णांना सांगून बसलो होतो, की आमच्या सोसायटीत कमळाचं टाकं आहे, तिथं साहेब आरामात राहतील. टाकं होतं. कमिटीला मी विचारलेलं नव्हतं.

निघायच्या दिवशी अण्णा शेतात शेवटचा फेरा मारायला गेले तेव्हा परसात अक्कानं खोका केला. किराणा दुकानातला साबणाचा खोका, जाड पुठ्ठ्याचा. साबणाचा वास मारायला तिनं तो दोन दिवस उन्हात ठेवला होता. पोती शिवायच्या दाभणानं तिनं चारी बाजूंना छिद्रं पाडली आणि प्रत्येकात बोट फिरवून ती मोठी केली. खाली ओलं गोणपाट, वर ओलं गोणपाट, मधे साहेब. मी शेजारी उभा राहून बघत होतो, म्हणून सांगतो. अण्णा आले तेव्हा खोका सुतळीनं बांधून झाला होता. "नीट बांधलंस का गं?" त्यांनी विचारलं. "बांधलंय, अण्णा." त्या दोघांचं समोरासमोर झालेलं नीटसं बोलणं म्हणाल तर ते शेवटचं.

ऑटोत खोका माझ्या पायाशी होता. परभणी येईपर्यंत विहिरीच्या गाळाचा वास ऑटोभर झाला. मला दिसायला लागलं, एसीचा डबा, पांढऱ्या चादरी, समोर कुणीतरी लॅपटॉप उघडून बसलेलं आणि धोतरातले अण्णा, त्यांच्या मांडीवर हा गळणारा खोका. पुढं बरीच वर्षं मी स्वतःला सांगत आलो, की मला कायद्याची भीती वाटली. कासव बाळगणं गुन्हा आहे हे मी मोबाइलवर वाचलं होतं, तिकीट तपासनीसानं पकडलं असतं, वगैरे. ती भीती होती, नाही असं नाही. पण ती दुसऱ्या नंबरची. पहिली लाज होती.

अण्णांना स्टेशनच्या बाकावर बसवलं आणि सांगितलं, सामानाच्या डब्यात याचं रीतसर बुकिंग करून येतो. त्यांना दिसत नव्हतं, त्यांनी मान हलवली. मी खोका उचलला आणि बाहेर एका ट्रॅव्हल्सच्या पार्सल ऑफिसात गेलो. त्यांची पुण्याची बस तासाभरात सुटणार होती.

"काय हाय यात?" काउंटरवरच्या माणसानं विचारलं.

"कपडे."

त्यानं खोका फिरवून पाहिला. "कपड्याला छिद्रं कशापायी? कोंबडं न्हाई ना? जित्रप घेत न्हाई आमी, आधीच सांगायलोय."

"जुना खोका आहे हो."

"वला बी हाय."

"धुतलेले कपडे आहेत."

तो हसला. "लय घाई दिसतीय, वाळू तर द्यायचे. बरं, छिद्रं बुजवा, धूळ गेली की गिऱ्हाईक आमच्या नावानं बोंबलतंय." आणि त्यानं खाकी चिकटपट्टीचं बंडल माझ्यापुढं सरकवलं.

तेव्हाच मी म्हणू शकलो असतो, राहू द्या. खोका उचलून चालू लागलो असतो. मी पट्टी ओढली. आधी उभी, मग आडवी, कोपऱ्यावर दुमडून, जशी रोज लावतो तशी. एकही सुरकुती पडली नाही. शेवटच्या छिद्रावर बोट दाबत असताना आतून खरवडल्याचा आवाज आला. तो माणूस ऐकेल म्हणून मी खोकलो.

मला वाटलं नव्हतं का, की ते मरेल? वाटलं होतं. मग वाटलं, पाण्यातला जीव आहे, विहिरीच्या तळाशी तास न् तास राहतो, एवढं काय. खोका बसच्या पोटात गेला, वर कुणाच्या तरी मोटारसायकलचं इंजिन ठेवलं. वैशाखातल्या परभणीत तो पत्रा किती तापलेला असतो ते तुम्हाला सांगायला नको.

दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णांना घरी चहा देऊन मी खोका आणायला गेलो आणि सोसायटीच्या पार्किंगमध्येच उघडला. गोणपाट कोरडं ठणठणीत झालं होतं. कासवानं मान पूर्ण बाहेर काढली होती. इतकी लांब मान मी त्याची कधी पाहिली नव्हती. एका छिद्रापाशी पट्टीच्या आतल्या बाजूला त्याच्या नाकाचा चिखल लागलेला होता. पुन्हा पुन्हा तिथंच तोंड लावलं असणार.

खोका मी कारखान्याच्या भंगारात टाकला. कासव पंच्यात घेऊन वर गेलो. अण्णांनी पाठीवरून हात फिरवला, मग पोटाखालून, मग हात तसाच ठेवून विचारलं, "कशानं रं?"

तयारी काही केली नव्हती. तोंडातून आलं, "अक्कानं छिद्रं पाडायची राहिली वाटतं."

बस, एवढंच वाक्य. 'वाटतं' शब्दसुद्धा घातला, म्हणजे उद्या अंगाशी आलं तर सुटका.

अण्णा पुण्यात चौदा महिने जगले. मोतीबिंदूचं ऑपरेशन झालं, त्यांना दिसू लागलं आणि दिसायला होतं काय तर समोरच्या इमारतीच्या गॅलऱ्या. अक्काचा फोन आला की ते हातानं खूण करायचे, झोपलाय म्हणाव. दिवाळीत ती ज्वारीचं पीठ, तुरीची डाळ घेऊन स्वतः आली. ते भिंतीकडे तोंड करून पडून राहिले. अक्का त्यांच्या पायाशी बसून पाय चेपत होती आणि ते पाय ओढून घेत होते. मी दारात उभा होतो. बायको म्हणाली, "अहो, काहीतरी बोला ना त्यांच्याशी." मी म्हणालो, त्या दोघांचं आहे, आपण मधे पडू नये.

गावाकडून विचारणाऱ्यांनाही मी तेच सांगितलं आणि गावात ती गोष्ट चेष्टेची झाली. अक्काच्या सासरी कुणी गावाला निघालं की दीर म्हणायचे, "डबा वहिनीला बांधायला सांगू नका, भाकर गुदमरंल." एका लग्नाच्या पंगतीत हे माझ्यासमोर म्हटलं गेलं. सगळे हसले. अक्काही हसली. मीही हसलो.

पण हे सगळं मी कधी ना कधी सांगितलं असतं, असं वाटतं. जे सांगवत नव्हतं ते पुढचं आहे.

जायच्या चार-पाच दिवस आधी अण्णा दवाखान्यात होते. दुपारी एकदम शुद्धीत आले आणि म्हणाले, "सुमनला फोन लाव. लेकरू हाय, चुकलं आसंल. मी बी लय ताणलं." मी मोबाइल हातात घेतला. नंबर काढला. आणि मनात आलं, हे दोघं बोलतील, ती म्हणेल मी छिद्रं पाडली होती, ते विचारतील मग मेलं कशानं. मी फोन कानाला लावून थोडा वेळ उभा राहिलो आणि सांगितलं, "लागत नाहीये. रेंज नाही तिकडं." ते म्हणाले, "मग संध्याकाळी लाव." संध्याकाळी त्यांना पुन्हा ग्लानी आली होती. मी तो फोन लावलाच नव्हता.

दहाव्याला अक्का माझ्याजवळ येऊन बसली. आवाज खाली आणून म्हणाली, "सुधाकर, मी छिद्रं पाडली व्हती रे. दाभणानं. पाडली व्हती ना? का पाडायची म्हणले अन् राहिली? आता माझं मलाच कळंना झालंय. इतके जण म्हणतेत तर राहिलीच आसतील." तिच्याकडे बघून मी म्हणालो, "जाऊ दे अक्का आता."

त्याला आता तीन वर्षं होत आली. विहिरीच्या जागी रस्ता आहे. मागच्या खेपेला मी गाडीनं त्यावरून गेलो आणि नेमकी जागा कुठली ते मला ओळखता आलं नाही. पिंगळीतलं घर भाड्यानं दिलंय. पुण्यातल्या फ्लॅटवर माझ्या नावाची पाटी आहे, पण तिथं मला 'सुधाकर' म्हणून एकेरी हाक मारणारं कुणी नाही. तसं बोलावणारं घर आता एकच उरलंय, येलदरीला, धरणाच्या अलीकडच्या वस्तीत अक्काचं. गाव कुठलं असं कुणी विचारलं तर तोंडानं पिंगळी म्हणतो, पण मनात येतं ते तिचं ओसरीतलं बाजलं. आणि त्या घरी मी दर खेपेला कामाचं निमित्त सांगून चहा पिऊन उठतो.

तुम्ही जे माझ्यासारखे बाहेर पडलात त्यांना एक विचारावंसं वाटतं. मागं राहिलेल्या माणसांवर आपण किती सहज ढकलून देतो, नाही का? त्यांना कळत नाही, त्यांना पॅकिंग येत नाही, त्यांना नियम माहीत नाहीत. आणि ते मानतात. आपण शहरात राहतो म्हणून मानतात.

हे लिहून झालं तरी तुमच्या ग्रुपवर मी ते आज टाकणार नाही. अक्कानं हे इतरांच्या मोबाइलवर वाचू नये. दोन गोष्टी मला येलदरीला जाऊन, तिचे दीर आणि घरचे सगळे बसलेले असताना, तिला सांगायच्या आहेत. तिचं काही चुकलं नव्हतं, आणि अण्णांनी शेवटी तिला फोन लावायला सांगितलं होतं. अण्णांचा आवाज मी तिला आणून देऊ शकत नाही. एवढं मात्र देऊ शकतो, आणि ते अजून दिलेलं नाही.