भास्कर सरांचा सातवा दिवस

भास्कर सर चहावर आलेली साय बोटानं उचलून बशीच्या काठाला चिकटवत. मग फुरके मारत चहा संपवायचा, आणि शेवटी ती सुकत आलेली साय त्याच बोटानं निपटून तोंडात टाकायची. ते बोट पुसायचं कुठं, तर माझ्या ओट्यावरच्या सतरंजीला. मला शिसारी यायची. एकदा न राहवून म्हणालो, "सर, बोट धुवा की." तर म्हणाले, "का? ते घाण आहे हे तुम्ही धरून चाललात. बोट माझं, साय माझी."

"धरून चाललात" हा त्यांचा ठेवणीतला शब्द. आज कालव्याला पाणी सुटणार म्हणा, अमक्याचा पोरगा हुशार आहे म्हणा, सर तपकिरीची चिमूट नाकाशी थांबवून हेच म्हणणार. गावात त्यामुळं त्यांना कुणी चहाला बोलवत नसे. मी बोलवायचो. मला वाद घालायला माणूस लागतो, आणि बाकीचे लवकर हरतात.

सर गेल्यावर चौकात फ्लेक्स लागला. 'थोर तत्त्वचिंतक, संतप्रवृत्तीचे व्यक्तिमत्त्व.' सरांचा फोटो वरच्या कोपऱ्यात, टपालाच्या तिकिटाएवढा. खाली श्रद्धांजली वाहणाऱ्यांची तोंडं कलिंगडाएवढी, त्यातली निम्मी हसरी. बघून थुंकावंसं वाटलं. सर संत नव्हते. हट्टी होते, कळकट होते, आणि समोरच्याचं म्हणणं सोलून काढल्याशिवाय त्यांना अन्न पचत नसे. माझी शाळा चौथीपर्यंतच झाली. लिहायची सवय नाही, पण ते खोटं येताजाता वाचवत नाही, म्हणून बसलो.

सर आमच्याच गावचे. कोपरगावपासून जवळ, कालव्याच्या कडेला त्यांचं घर. नोकरी सगळी नगरकडच्या एका कॉलेजात. विषय पश्चिमेकडच्या तत्त्वज्ञानाचा इतिहास, म्हणजे गेली तीन-चारशे वर्षं तिकडची माणसं देवाबद्दल, जगाबद्दल, स्वतःबद्दल काय विचार करत आली ते. त्या माणसांची नावं सरांनी मला शंभरदा सांगितली. माझ्या जिभेला ती वळली नाहीत, आणि वाकडीतिकडी लिहून मी त्यांची अब्रू घालवणार नाही.

सरांचं दुखणं एकच होतं. हा इतिहास त्यांना कधी शेवटपर्यंत शिकवता आला नाही. पोरं यायची ती दुसरीकडं जागा मिळाली नाही म्हणून. दिवाळीपर्यंत निम्मी गळायची. पुढं गॅदरिंग, मग परीक्षा. शेवटचा माणूस दरवर्षी राहूनच जायचा. पुढं कॉलेजनं विषयच बंद केला आणि त्या खोलीत झेरॉक्सचं मशीन बसवलं. सर म्हणायचे, "रंगनाथराव, मी आयुष्यभर अर्धीच गोष्ट सांगितली. एकदा सगळी सांगून मरायचंय."

सर रिटायर होऊन गावी परतल्यावर एका वर्षी आमच्या गावच्या सप्ताहात दुपारच्या प्रवचनाचे महाराज ऐनवेळी देवळाली प्रवरेकडच्या मोठ्या सप्ताहाला निघून गेले. तिकडं मंडप मोठा, गर्दी मोठी. महाराजांना विरक्ती शिकवायला मोठा मंडप लागतो. सातही दुपारी मोकळ्या पडल्या. कमिटीच्या बैठकीत मी म्हणालो, भास्कर सरांना बसवा.

कमिटीचे अध्यक्ष अण्णा. शिर्डीत त्यांचं लॉज आहे, त्यामुळं भक्तीतलं आपल्याला कळतं असं त्यांना वाटतं. म्हणाले, "रंगादादा, गोऱ्यांचं काय सांगत्यात ते मास्तर देवापुढं? लोक झोपतील."

"महाराजांपुढंबी झोपत्यात. घोरल्याचा आवाज स्पीकरवर येतो."

"आन काय उलटंसुलटं बोलले तर?"

"तर मी हाय की हितं. सातबी दिवस दुपारचा वीणेचा पहारा माझा."

ज्यांनी सप्ताह पाहिला नाही त्यांच्यासाठी सांगतो. सप्ताह बसला की वीणा सात दिवस जमिनीला टेकवत नाहीत. एकाच्या गळ्यातून दुसऱ्याच्या गळ्यात. ज्याचा पहारा त्यानं देवापुढं उभं राहायचं, तार छेडत मनात नाम घ्यायचं, कुणाशी बोलायचं नाही. दुपारचा पहारा उन्हामुळं सगळे चुकवतात. मी तो मागून घेतला, तेव्हा अण्णांना नाही म्हणता येईना.

सरांना सांगायला गेलो तर ते डबीतली तपकीर सांडून बसले. "सातही दुपारी?" त्यांनी विचारलं. "शेवटच्या माणसापर्यंत?" मी हो म्हणालो. त्या दिवशी त्यांनी, माझ्यादेखत, हात धुतले.

पहिल्या दुपारी सर पांढरा सदरा घालून व्यासपीठावर बसले. समोर म्हाताऱ्या, पेंगणारे दोन-तीन टाळकरी, आणि आमटीच्या कढया घासून दमलेले आचारी. सरांनी थंड मुलखातल्या एका माणसाची गोष्ट काढली. तो शेगडीपाशी बसला आणि एकेका गोष्टीवर शंका घेत सुटला. समोरची शेगडी खरी कशावरून? हात-पाय खरे कशावरून? शेवटी शंका घेणारा तेवढा उरला, त्याच्यावर काही शंका घेता येईना.

पुढं बसलेली चंद्रभागाकाकू म्हणाली, "आन त्याची बायकू काय म्हनली?"

"त्यानं लग्न केलं नव्हतं, काकू."

"तरीच!"

मंडप हसला. सरही हसले. मला मात्र राग आला, कारण त्या माणसाचं म्हणणं मला पटत होतं आणि वीणा गळ्यात असल्यामुळं बोलता येत नव्हतं.

दुसऱ्या दिवशीचा माणूस भिंगं घासून पोट भरायचा. त्याच्याच लोकांनी त्याला वाळीत टाकलं होतं, कारण तो म्हणायचा की देव आणि ही सगळी सृष्टी वेगळी नाही. हे ऐकताच एक टाळकरी उठला. "सर, हे तर आपलंच हाय! आपल्या लोकांनी आधीच सांगून ठेवलंय!" टाळ्या पडल्या. सरांचा चेहरा वाकडा झाला. "आपलं नाही. लगेच आपलं करू नका. तो बिचारा त्याच्यासाठी वाळीत पडला, तुम्ही फुकटात घेऊ नका." हे मला फार आवडलं. कुठलीही चांगली गोष्ट ऐकली की 'आमच्यात होतंच' म्हणून ढेकर द्यायची ही सवय मला किळसवाणी वाटते. स्वतःच्या घरात काय आहे ते वाचायचं नाही, दुसऱ्याचं मात्र आपल्या नावावर करायचं.

तिसऱ्या दिवशी मंडप जागा झाला. सरांनी विचारलं, "कालव्यावरचा पाटकरी येऊन सांगून जातो, मग पाणी येतं. बरोबर?"

"कधीमधी," मागून कुणीतरी म्हणालं.

"पाटकरी आलेला तुम्ही बघितला. पाणी आलेलं बघितलं. एकामुळं दुसरं आलं, ते 'मुळं' कुणी बघितलं का?" मग सर म्हणाले, तिकडं एका गुबगुबीत, हसऱ्या माणसानं हा प्रश्न सगळ्या जगाला विचारला, आणि मोठमोठ्या शहाण्यांची झोप उडवली. त्या दिवशी गावात संध्याकाळपर्यंत दुसरा विषय नव्हता. हॉटेलात लोक एकमेकांना विचारत होते, "मी पानी तोडलं आन तुझा वाफा वाळला, ते 'मुळं' कुनी बघितलं का?"

मग चौथा आणि पाचवा, दोन्ही दिवस चष्म्याचा माणूस. म्हणजे तो म्हणायचा की आपल्या बुद्धीला जन्मापासूनच चष्मा आहे, जग कधी उघड्या डोळ्यांनी दिसतच नाही, आणि देव आहे किंवा नाही, दोन्ही नुसत्या बुद्धीनं सिद्ध होणार नाही. माझा मोतीबिंदू काढला तेव्हा पांढरं धोतर मला कित्येक दिवस निळसर दिसत होतं. कुठलं खरं धरायचं? पहारा उतरल्यावर हे मी सरांना सांगितलं, तर त्यांनी माझा हात धरून ठेवला. सहाव्या दिवशीचा माणूस मला कळला नाही. सरांनाही पुरता कळला नसावा.

पण देव सिद्ध होत नाही हे वाक्य अण्णांच्या कानावर गेलं होतं. सहाव्या दिवशी संध्याकाळी ते सरांकडं आले, मी तिथंच होतो. "मास्तर, उद्या काय सांगनार?"

"उद्या शेवटचा माणूस. तो म्हणाला, देव मेला. आपणच मारला."

अण्णांनी माझ्याकडं बघितलं. मी सरांना म्हणालो, "सर, येवढं एक सोडा. दुसरं कायबी सांगा."

"मग पुन्हा अर्धीच राहील," सर म्हणाले. एवढंच. विनवणी नाही, वाद नाही. त्यांना वाद न घालता बसलेलं मी पहिल्यांदा बघितलं.

सातव्या दुपारी सर आले तेव्हा व्यासपीठावर सोफा मांडला होता. प्रवचन रद्द. त्या जागी अण्णांचा आणि त्यांनी आणलेल्या पाहुण्यांचा सत्कार. सरांना कुणी सांगितलंसुद्धा नव्हतं. मी देवापुढं वीणा घेऊन उभा. शाली, नारळ, फेटे सुरू झाले. फोटोसाठी सगळे देवाकडं पाठ करून उभे राहिले. एकाचं ढोपर विठोबाच्या तसबिरीला लागलं, हार तुटून पडला, दुसऱ्यानं तो बुटानं बाजूला सारला. हो, बूट घालूनच. गावात पेव्हर ब्लॉक आणल्याबद्दल अण्णा पाहुण्यांना 'देवमाणूस' म्हणाले. माझ्या पोटात ढवळलं. मला वाटलं वीणा टाकावी आणि जावं. ती टाकता येत नाही.

तेवढ्यात सर माझ्या बाजूला येऊन उभे राहिले. स्पीकर किंचाळत होता, म्हणून त्यांनी तोंड अगदी माझ्या कानाशी आणलं. तपकिरीचा वास आला. आणि सरांनी शेवटचा माणूस सांगायला सुरुवात केली.

तो माणूस ही गोष्ट आनंदानं सांगत नव्हता, सर म्हणाले. घरात कुणी गेल्याचं सांगावं तसं सांगत होता. लोक अजून देवळात जातात, घंटा वाजवतात, पण आत कुणी उरलं नाही हे त्यांना कळलेलंच नाही. आपल्या हातून काय झालं हे कळायला त्यांना फार वेळ लागेल. तो माणूस पुढं वेडा झाला, आधी आईनं, मग बहिणीनं त्याला सांभाळलं. सरांनी काही गाळलं नाही, काही घाईनं उरकलं नाही. मी ऐकत होतो आणि समोर शाली पडत होत्या. सर 'संपलं' म्हणाले आणि निघून गेले.

पहारा उतरायला वेळ होता. तोवर माझ्या डोक्यात नाम नव्हतं, भांडण होतं. पुढचा गडी आला, त्याच्या गळ्यात वीणा घातली आणि मी थेट मागं गेलो. सर पाण्याच्या हौदाच्या काठावर बसले होते.

"सर, तुमचा मानूस चुकला," मी म्हणालो.

त्यांनी मान वर केली.

"देव मेला म्हनतो. मग ते समदं बघून मला मळमळलं कशानं? रिकाम्या घरात कुनी घाण केली तर मी नाक दाबून पुढं जाईन. कुनाच्या राहत्या घरात केली, तर पोटात ढवळतं. आज ढवळलं. म्हंजे घरात कुनीतरी हाय."

मंडपात पुन्हा टाळ्या वाजल्या.

"शेवटच्या माणसाशी भांडायला आजवर कुणी आलंच नव्हतं, रंगनाथराव," ते म्हणाले. मग हौदाच्या काठावर सरकून त्यांनी मला जागा करून दिली. "बसा. मी त्याच्या बाजूनं बोलतो. तुम्ही सोडू नका."