मुदतीनंतरचं तेल

माझं शिक्षण दुसऱ्या बुकापर्यंत. पण कागदावर मी अंगठा कधी उठवला नाही, सहीच केली. भाडेकरूला धाडलेल्या त्या नोटिशीवरही माझीच सही होती.

साक्रीच्या बाजारपेठेत आमचं दोन खणांचं घर होतं. आम्ही राहायचो चार मैलांवरच्या गावात. घर एका तेलघाणेवाल्याला दिलेलं होतं. मागच्या पडवीत त्याचा बैल घाणा फिरवायचा. भाडं म्हणून वर्षाला रोख रक्कम आणि महिन्याला दोन शेर तेल. बारा वर्षं त्याची-माझी कुरकुर नव्हती.

मग माझी थोरली बहीण, एदलाबादकडे दिलेली, कपाळ पुसून परत आली. तिचं आणि माझ्या बायकोचं एका चुलीवर जमेना. मी अक्काला शब्द दिला, दिवाळीला तू साक्रीच्या घरात, तुझी चूल वेगळी. घाणेवाल्याला सांगितलं तर तो म्हणतो, "आबा, घाणा काय डोकावर लई जाऊ?" हलायचं नाव नाही.

धुळ्याला वकील गाठला. त्यांनी घर सोडायची नोटीस लिहिली आणि बजावलं, "नोटिशीची मुदत संपली की भाडं म्हणून त्याच्याकडून काडीही घ्यायची नाही. घेतलीत तर नोटीस गेली. मुदतीनंतर तो जितके महिने बसेल, त्याची नुकसानी कोर्ट तुम्हाला देववील. समजलं?"

"समजलं," मी म्हटलं. न समजायला काय झालं?

मुदत संपली. तो बसूनच राहिला. दावा लागला. एक दिवस वांग्याच्या भाजीचा घास तोंडात घेतला आणि हात थांबला. ताज्या घाण्याचा वास मला ओळखू येतो.

"हे तेल कुठलं?"

"कुठलं म्हंजे? घाणावरलं," बायको म्हणाली. "बाजारले गयथू, घाणावालानी बायकोनी दिधं. मागला महिनाले बी दिधं."

"कोर्टात दावा चालू आहे, आणि तू तेल आणतेस?"

"दावा तुमना आन् त्याना. तेल आम्हनं बायासनं!"

ताट सरकवून उठलो. वकिलाकडे जाऊन सांगायला हवं होतं, हे मला तेव्हाही कळत होतं. पण माझ्या घरात माझं ऐकत नाहीत, हे त्या माणसासमोर कोणत्या तोंडाने सांगू? धुळ्याला गेलोच नाही. तारखेपर्यंत जेवण गोड लागलं नाही. चालताना, औत धरताना एकच विचार: घाणेवाल्याने आपल्या वकिलाला तेलाचं सांगितलं असेल. सांगितलंच असेल.

तिकडे अक्का भांडी कपड्यात बांधून ठेवत होती.

तारखेला मला पिंजऱ्यात उभं केलं, शपथ दिली. त्याच्या वकिलाने बऱ्याच प्रश्नांनंतर कागदात बघत विचारलं, "मुदतीनंतर भाड्यापोटी काही घेतलंत?"

मी घाणेवाल्याकडे पाहिलं. तो टक लावून माझ्याकडेच बघत होता. मला वाटलं, आता हा मला खोटा पाडणार, भर कोर्टात.

"घेतलं," मी म्हटलं. "तेल. दोनदा."

माझ्या वकिलाने चष्मा काढून टेबलावर ठेवला.

बाहेर आल्यावर ते एवढंच म्हणाले, "आता नवी नोटीस. नुकसानीही तिच्या मुदतीनंतरचीच. आधी का नाही बोललात?"

फाटकाशी घाणेवाला उभा होता. बिडी न पेटवताच हातात.

"आबा, कोणतं तेल?"

"सोंग करू नको. तुझ्या बायकोने दिलेलं."

"तिनी दिधं?" तो माझ्याकडे बघतच राहिला. "माले काय मालूम! मी त् तिले सांगेल व्हतं, आबाना घर एक थेंब जावाले नको. तुम्ही कसाले सांगं?"

मी गावाकडे जाणाऱ्या सर्व्हिस मोटारीकडे चालू लागलो. तो मागून हसतोय का, वळून पाहिलं नाही.

गावात पोचलो तेव्हा दिवस मावळतीला आला होता. अक्का ओट्यावरच होती.

"बठ्ठं बांधी ठेयेल शे," ती म्हणाली. "कधी निघानं?"

मी सांगितलं, जसं झालं तसं. बायको आतून ऐकत होती, पण बाहेर आली नाही. अक्काने गाठोड्याची गाठ सोडली, आपला तवा काढला, आत नेला आणि बायकोच्या चुलीशेजारी भिंतीला टेकवून ठेवला.