नानांची नक्कल

पहिला व्हिडिओ मी मागच्या अंगणात काढला. नवऱ्याचा जुना सदरा, डोक्यावर टोपी, काजळाने रेखलेली मिशी. खाटेवर पाय पसरून म्हटलं, "घरमा बठ्ठं मालेच पाहनं पडस," म्हणजे घरातलं सगळं मलाच बघावं लागतं, आणि तांब्या हाताशी असूनही पाण्यासाठी बायकोला हाक मारली. एवढंच. शिंदखेड्याजवळच्या आमच्या गावात हे वाक्य घरोघरी ऐकू येतं. माझे चुलतसासरे, नाना, तर दिवसातून दहा वेळा म्हणायचे.

बाया पोट धरून हसल्या. कापूस वेचताना एकमेकींना म्हणून दाखवू लागल्या. मी आणखी पाच-सहा काढले. कुणी खाली लिहिलं, बाईला लाज नाही. कुणी लिहिलं, रोज टाक.

मग नाना चार माणसं घेऊन ओट्यावर आले. मी आत कणीक मळत होते. मला कुणी बोलावलंच नाही. बोलणं नवऱ्याशी झालं. तो आत आला, माझा फोन उचलला आणि माझ्यादेखत एकेक व्हिडिओ पुसला. बाहेर जाऊन म्हणाला, मिटलं. वर मला चहा ठेवायला सांगितला. मी ठेवला. त्याचा राग अजून येतो, आणि नवऱ्यापेक्षा स्वतःचाच जास्त.

दिवाळीनंतर धुळ्यात एका कार्यक्रमाला आम्ही सगळे गेलो. तिथे एका विनोदी कलाकाराने स्टेजवर खाट मागवली, पाय पसरले आणि माझं वाक्य म्हटलं. तांब्यासकट. माझ्याच सुरात. पुसलेलं कुणाच्या तरी फोनमध्ये उरलं होतं. टाळ्या थांबेनात. पुढच्या रांगेत नाना हसून हसून डोळे पुसत होते.

हे माझं आहे, एवढंच सांगायला बाहेर पडताना मी त्यांना गाठलं.

"नाना, हाई तं मन्हं शे."

ते शांतपणे म्हणाले, "तो कलाकार शे. तू आमनी सून शे."

दुसऱ्या दिवशी नवं खातं उघडलं आणि भर दुपारी ओट्यावर बसून पाच माणसांची बैठक एकटीनेच व्हिडिओत केली, पाचही आवाजांत: सुनेला न बोलावता सुनेचा निकाल लावणारी. नवरा फोन मागायला आला. मी दिला नाही. आठवडाभर तो बोलला नाही. नाना आजही आमच्याकडे येत नाहीत.

ती बैठक जिल्हाभर गाजली. आता मुलाखत घेणारे विचारतात, घरच्यांचा पाठिंबा होता ना? शेजारी बसलेला नवरा होकाराची मान हलवतो. मी नाही म्हणते.